मदत हवी आहे: पोर्तुगीज पद्धतीच्या कोळंबीला पाणी सुटतंय

शनिवारी घरी आठ जण जेवायला आहेत. मधे भांडं ठेवून सगळ्यांनी पाव बुडवून खायचा, म्हणून पोर्तुगालमधली 'कामारांव आ गिल्यु' करायची आहे. ऑलिव्ह तेलात लसूण, लाल मिरची, कोळंबी आणि वरून लिंबू-कोथिंबीर (हो, तिकडेही कोथिंबीर घालतात).

दोनदा करून पाहिली. पहिल्यांदा अर्धा किलो एकदम टाकली, तर तेल गढूळ झालं आणि कोळंबी परतली जायच्या ऐवजी उकडून चिवट झाली. दुसऱ्यांदा आच वाढवली, तर लसूण करपून सगळं कडू.

कोळंबी फ्रोजन, सोललेली, मध्यम आकाराची. नागपुरात राहते, त्यामुळे 'ताजी घ्या' कृपया सांगू नका. रात्रभर फ्रिजमध्ये ठेवून वितळवते, काळा दोरा काढून कापडाने टिपते. मीठ अर्धा तास आधी चोळते, सवयच आहे. इंडक्शन एकच, पॅन २६ सेंमीचा. वाइन नको, एक पाहुणे घेत नाहीत.

आता एक किलोसाठी लसूण-मिरचीचं तेल मंद आचेवर आधी करून ठेवलं आणि कोळंबी चार घाण्यांत कडक आचेवर परतून शेवटी त्यात घातली, तर चालेल का? आणि मीठ नेमकं कधी घालू?