द्वारविद्येची किंमत कोणी मोजायची?

उंबरठा
एका विश्वातून दुसऱ्या विश्वात दार उघडणारी जादू मला कल्पित साहित्यात सगळ्यात जास्त आवडते. आणि सगळ्यात जास्त हेळसांडही तिचीच होते. हात फिरवला, वर्तुळ उजळलं, मंडळी पलीकडे! असं दार कथेत एकदा आलं की वेढा, तुरुंग, विरह, लांबचा प्रवास, कशालाच अर्थ उरत नाही. मग लेखक घाईने नियम लावतो: जादूगार थकतो, नाकातून रक्त येतं, आयुष्य घटतं. ही किंमत मला खोटी वाटते. दोन विश्वांमधली भिंत फोडायची, परिणाम दोन्हीकडच्यांनी भोगायचे आणि फेड मात्र एकाच्या दमण्याने?

माझं म्हणणं असं की किंमत जागेने, म्हणजे त्या दोन विश्वांनीच, मोजावी. फिलिप पुलमनच्या 'हिज डार्क मटेरिअल्स' या कादंबरी-त्रयीतल्या शेवटच्या भागात (२०००) कळतं की विश्वांमधली भिंत कापणाऱ्या सुरीने उघडलेली प्रत्येक खिडकी एक स्पेक्टर, म्हणजे माणसाची जाणीव खाणारं भूत, जन्माला घालते, आणि उघड्या राहिलेल्या खिडक्यांतून जाणिवेचं सत्त्वच गळून जात असतं. खिडक्या बुजवाव्या लागतात आणि वेगवेगळ्या विश्वांतले दोन जीव कायमचे दुरावतात. ती ताटातूट अटळ वाटते, कारण तिच्यामागे दाराचा स्वभाव आहे.

धूमकेतू
असहमत. आपल्याकडची ककुद्मी राजाची गोष्ट घ्या. मुलीसाठी, रेवतीसाठी, कोणता वर योग्य हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकात जातो. तिथे गायन चालू असतं, म्हणून क्षणभर थांबतो. मग विचारतो, तर ब्रह्मदेव हसून सांगतात की २७ चतुर्युगं उलटली, तुझ्या मनातले सगळे केव्हाच गेले. एक चतुर्युग म्हणजे ४३ लाख २० हजार वर्षं! इथे ना जमीन फाटली, ना भूत जन्मलं. सगळी किंमत माणसाने मोजली, आणि भागवतातला हा प्रसंग अजून अंगावर येतो. किंमत सोसणारा डोळ्यांसमोर हवा. ओसाड झालेल्या माळरानासाठी कोण रडणार?

उंबरठा
@धूमकेतू, ककुद्मी दमला म्हणून नाही ना हे झालं? दोन लोकांमधला काळच वेगळ्या गतीने चालतो म्हणून झालं. नियम विश्वाचा आहे, त्याची झळ माणसाला बसली. मला हेच हवं आहे.

लंबक
तुम्ही दोघेही किंमत बाहेरून आणून चिकटवता आहात. ती दारातच आहे, फक्त लेखकाने बघायला हवं.

आपल्याच पृथ्वीवर एक दार समुद्रकिनारी आणि दुसरं एव्हरेस्टच्या माथ्यावर उघडा. वर हवेचा दाब खालच्या साधारण एक तृतीयांश. म्हणजे दाराच्या प्रत्येक चौरस मीटरवर जवळपास ७ टन वजनाइतका जोर येतो. जादूगार पाऊल टाकण्याआधीच वारा त्याला पलीकडे भिरकावेल. एक दार विषुववृत्तावर, दुसरं ध्रुवावर ठेवा: विषुववृत्तावरचा माणूस पृथ्वीबरोबर ताशी सुमारे १६७० किमी वेगाने फिरतोय. तो वेग कायम राहिला तर ध्रुवावर तो ध्वनीपेक्षा वेगाने बाहेर पडेल. तिसरं म्हणजे एक दार खाली आणि त्याचं दुसरं तोंड उंचावर ठेवलं की पाणी पडतच राहणार आणि त्यावर चाक अखंड फिरणार. ही ऊर्जा कुठून तरी यायला हवी. तो फरक भरून काढणं हीच द्वारविद्या असं धरा, मग रक्तही नको आणि शापही नको. जवळची, सारख्या उंचीची दारं स्वस्त, बाकीची महाग. नकाशा आपोआप तयार होतो.

फासा
@लंबक, वाचायला छान आहे, पण खेळताना टेबलावर कोणी दाबाचं गणित करत बसत नाही. वर्षानुवर्षं डन्जन्स अँड ड्रॅगन्स हा टेबलाभोवती बसून पात्रं रंगवायचा खेळ खेळवतोय, माझा अनुभव असा की ऊर्जेपेक्षा माहितीची अट जास्त रंगते. २०१४च्या नियमांत विश्वांतर करायला त्या त्या विश्वाशी जुळवलेला धातूचा दुबेळका (दोन टोकांचा दांडा) लागतो, किंमत किमान २५० सुवर्णमुद्रा. पैसे असतात हो खेळाडूंकडे. पण *त्या* विश्वाचा दुबेळका कोणाकडे आहे, या शोधातच कित्येक बैठका जातात. याच खेळाच्या १९९४च्या प्लेनस्केप या कथाविश्वातलं सिगिल शहर तर अशा दारांनीच भरलेलं आहे. कुठलीही चौकट, कुठलीही कमान दार असू शकते, फक्त तिची किल्ली हवी. किल्ली म्हणजे एखादी वस्तू, हावभाव, नुसता एखादा विचारसुद्धा! तिथे दार फुकट आहे आणि तरीही कथा ढिली पडत नाही. उंबरठा यांचा मूळ मुद्दा इथेच कोसळतो.

रानवाट
मला तर नियमच नकोत. दाराचा हिशोब कळला की ते यंत्र झालं. लहानपणी नार्नियाच्या, कपाटामागच्या दुनियेचं वाचताना मी कधी विचारलं नाही की ऊर्जा कुठून आली. पलीकडे बर्फ होता आणि मला तिथे जायचं होतं. तेवढं पुरे होतं, आजही पुरे आहे.

उंबरठा
@रानवाट, ते दार पात्रांना हवं तेव्हा उघडत नाही, म्हणून तर ते मोहून टाकतं. मीही त्याच ओढीने वाचतो. माझी तक्रार हुकमी दारांबद्दल आहे.

@फासा, सिगिलने मुद्दा कोसळत नाही. तिथे किल्ली दाराने ठरवलेली आहे, जाणाऱ्याने नाही. तुमच्याच खेळात आणखी एक नियम आहे, त्याबद्दल तुम्ही बोलला नाहीत: नवव्या पातळीच्या 'गेट' मंत्राने दार उघडू पाहिलं तरी देवता किंवा त्या विश्वाचा अधिपती आपल्या हद्दीत ते उघडणं रोखू शकतो. पलीकडच्याला नाही म्हणता येतं.

फासा
येतं, पण फक्त देवांना आणि राजांना. ज्या शेतकऱ्याच्या शेतात दार उघडलं त्याला कोण विचारतं?

धूमकेतू
बघा, शेवटी माणसापाशीच आलात. त्या शेतकऱ्याच्या नजरेतून कोणी लिहिलं तर जागेची किंमत मला मान्य. तोवर ककुद्मीच खरा.