जूनटीन्थला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न (ह्यूस्टनहून)

आमच्या मंडळाच्या दरमहाच्या पत्रकात सणवार आणि सुट्ट्यांची यादी असते. जूनच्या यादीत १९ तारखेला जूनटीन्थ येतो (टेक्सासात गुलामीतल्या माणसांच्या सुटकेचा हुकूम १८६५ मध्ये निघाला, तो दिवस). गेल्या वर्षी मी त्यापुढे नुसतं 'सरकारी सुट्टी' लिहिलं, तर भारतातून मुलाकडे आलेल्या एका आजोबांनी विचारलं, "कसली गं ही सुट्टी?" तोंडी सगळं सांगितलं. जून आणि नाइन्टीन्थ यांचा जोडशब्द आहे, तो हुकूम निघाला ते गॅल्व्हस्टन इथून तासाभरावर आहे, लोक त्या दिवशी मुद्दाम लाल सरबत आणि कलिंगड ठेवतात, वगैरे. लिहायला बसले आणि अडले. 'गुलामगिरी निर्मूलन दिन', 'मुक्ती दिन', 'दास्यमुक्ती दिन' अशी नावं सुचवली गेली आहेत. कोणतं घ्यावं?

प्रतिसाद

निर्मूलन घेऊ नका. मराठीत निर्मूलन देवीचं होतं, पोलिओचं होतं, अंधश्रद्धेचं होतं. शब्द उच्चारला की मोहीम डोळ्यांपुढे येते, माणसं येत नाहीत. शिवाय १९ जून १८६५ ला निर्मूलन झालेलंच नव्हतं. गुलामांच्या सुटकेचा लिंकनचा जाहीरनामा १ जानेवारी १८६३ चा, आणि तो यादवी युद्धातल्या बंडखोर राज्यांपुरताच होता. टेक्सासात त्याची अंमलबजावणी करायला सैन्य पोचलं ते अडीच वर्षांनी. जनरल गॉर्डन ग्रेंजरनं गॅल्व्हस्टनमध्ये हुकूम काढला तेव्हा त्या एका राज्यात सुमारे अडीच लाख माणसं गुलामीत होती. आणि त्या हुकमानंतरही केंटकी आणि डेलावेअरमध्ये माणूस बाळगणं कायदेशीरच राहिलं. तिथली गुलामगिरी डिसेंबर १८६५ मध्ये, तेराव्या घटनादुरुस्तीनं संपली.

'मुक्ती दिन' म्हटलं की आपल्याला १९ डिसेंबरचा गोवा आठवतो, नाहीतर १७ सप्टेंबरचा मराठवाडा. तिथे एक प्रदेश एका सत्तेच्या हातून सुटला. टेक्सास कोणाच्या हातून सुटला नाही. तिथे माणूस दुसऱ्या माणसाची मालमत्ता असायचा थांबला. इंग्रजीत अशा सुटकेला इमॅन्सिपेशन म्हणतात, त्या शब्दाच्या पोटातही लॅटिनमधला 'हात' आहे: ताब्यातून, हातातून सोडणं. मला विचाराल तर मराठीत 'सुटका' हा शब्द त्याच्या सर्वांत जवळचा.

प्रतिसाद

सुटका चांगला. पण 'गुलामगिरी' शब्दाबद्दलही थोडं बोलू या, कारण तो यादीत कुठेतरी येणारच.

गुलाम मूळ अरबी, अर्थ 'पोरगा'. आपल्याकडे खोडकर नातवाला आजी कौतुकानं "गुलाम आहे अगदी!" म्हणते, त्यात तो जुना अर्थ अजून जिवंत आहे. अमेरिकेच्या दक्षिणेत मात्र साठीतल्या काळ्या माणसालाही 'बॉय' म्हणून हाक मारत. पोर म्हटलं की त्याला स्वतःचं घर, शेत, मत काही असायची गरज उरत नाही. शब्द दोन्हीकडे त्याच वाटेनं गेला.

'-गिरी' फारसी. दादागिरी म्हणजे दादा करतो ती, मुलूखगिरी म्हणजे मुलखावर स्वारी करणाऱ्याची. या चालीनं पाहिलं तर गुलामगिरी ही गुलामाची करणी ठरते, जणू तो धंदा त्यानं पत्करला. प्रत्यक्षात ती करणारा दुसराच. म्हणून वाक्यात तरी 'गुलाम' असं सुटं नाम वापरण्यापेक्षा 'गुलामीत ठेवलेली माणसं' लिहावं. दोन शब्द जास्त लागतात, पण ठेवणारा कोणीतरी होता हे वाचणाऱ्याला कळतं.

तरी गुलामगिरी हा शब्द टाकून द्यावा असं मी म्हणणार नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये याच नावाचं पुस्तक काढलं आणि ते अर्पण केलं अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, गुलामांना दास्यातून सोडवण्याच्या त्यांच्या कामाबद्दल. ग्रेंजरच्या हुकमाला तेव्हा आठ वर्षंच झाली होती. पुण्यातल्या माणसानं ती घटना आपल्या गावच्या शूद्रातिशूद्रांच्या बाजूनं वाचली, म्हणून या शब्दाला मराठीत जे वजन आहे ते 'दास्य'ला नाही. 'दास्य' उच्चारलं की मला नवविधा भक्ती आठवते. मारुतीचं दास्य. ते माणूस आपणहून स्वीकारतो. 'दास्यमुक्ती' नको ती याचसाठी.

आणि हे सगळं आपल्याला परकं आहे असंही कोणी समजू नये. पेशवाईच्या कागदांत कुणबिणींची, म्हणजे दासींची, खरेदी-विक्री आहे, त्याच अर्थाचा बटीक हा शब्द आहे. गुलामावरचा मालकी हक्क कंपनी सरकारच्या कोर्टांनी मानू नये असा कायदा इथे १८४३ मध्ये झाला. त्याचा दिवस आपण पाळत नाही.

प्रतिसाद

नाव ठरेल तेव्हा ठरेल. मी ग्रेंजरचा तो हुकूम मराठीत करायला घेतला होता, त्यात जिथे अडलो ते सांगतो. त्यात म्हटलंय की पूर्वीचे 'मास्टर' आणि 'स्लेव्ह' यांचे व्यक्तिगत हक्क आणि मालमत्तेचे हक्क आता पूर्ण समान, आणि यापुढे त्यांचं नातं 'एम्प्लॉयर' आणि 'हायर्ड लेबर' यांचं. मी लिहिलं: "मालक आणि गुलाम यांचं नातं यापुढे मालक आणि मजूर यांचं राहील." वाचून पाहिलं तर मालक जागचा हललाच नाही! शेताचा मालक, कारखान्याचा मालक, सालगड्याचा मालक, घरधनी तोही मालक. आपल्याकडे सगळ्यांना एकच शब्द. शेवटी पहिल्या ठिकाणी 'धनी' आणि दुसऱ्या ठिकाणी 'कामावर ठेवणारा' केलं. समाधान झालं नाही.

नंतर वाटलं की माझी ती चूकच जास्त खरी होती. पुढच्याच वाक्यात सुटलेल्यांना सल्ला आहे: आहात त्याच घरी शांतपणे राहा, मजुरीवर काम करा, लष्करी ठाण्यांपाशी जमू दिलं जाणार नाही, रिकामं बसलात तर कोणी पोसणार नाही. म्हणजे तोच मळा, तोच माणूस समोर, फक्त आता मजुरी. पाडव्याला साल ठरवून, उचल घेऊन, ती फिटेपर्यंत वाड्यावर राबणारा गडी ज्यानं पाहिलाय त्याला हे वाक्य समजावून सांगावं लागणार नाही. त्याच माणसांनी १८७२ मध्ये ह्यूस्टनमध्ये पैसे जमवून दहा एकर जागा विकत घेतली, हा दिवस साजरा करायला स्वतःची जमीन हवी म्हणून. तुमच्या पत्रकात जागा असेल तर हे नक्की घाला. त्या जागेवरची बाग अजून आहे.

प्रतिसाद

इतर देशांतली नावं पाहिली तर उपयोग होईल. दक्षिण अमेरिकेतल्या सुरीनाममध्ये १ जुलैला 'केटी कोटी' असतो. तिथल्या स्रानान भाषेत केटी म्हणजे साखळी आणि कोटी म्हणजे तोडणं. मराठीत 'साखळी तुटली'. आपल्या भाषेत तोडणे वेगळं, तुटणे वेगळं. 'तुटली' म्हटलं की कोणी तोडली ते गुलदस्त्यात राहतं. १८६३ च्या त्या तुटण्यानंतरही तिथल्या लोकांना आणखी दहा वर्षं सरकारी देखरेखीखाली मळ्यांवर करारानं राबावं लागलं. ती मुदत १८७३ मध्ये सरली आणि त्याच वर्षी भारतातून गिरमिटियांचं, म्हणजे करारावर नेलेल्या मजुरांचं, पहिलं जहाज तिथे लागलं.

मार्तिनिक या कॅरिबियनमधल्या फ्रेंच बेटावर उलट. पॅरिसहून आदेश निघाला २७ एप्रिल १८४८ ला. तो बेटावर पोचायच्या आधीच २२ मे रोजी लोक उठले आणि दुसऱ्या दिवशी गव्हर्नरला गुलामगिरी संपल्याचं जाहीर करावं लागलं. तिथली सुट्टी २२ मेची आहे, आदेशाच्या तारखेची नाही. तिथे मी 'साखळी तोडली' असंच लिहीन.

प्रतिसाद

मॉरिशसच्या मराठी लोकांना विचारा. त्यांच्याकडे दोन सुट्ट्या आहेत: १ फेब्रुवारी गुलामगिरी संपल्याची (१८३५), २ नोव्हेंबर गिरमिटिया मजूर आल्याची (१८३४). एकीची गोष्ट दुसरीवाचून पुरी होत नाही.

प्रतिसाद

इतकी चर्चा झाली आणि 'विमुक्त' शब्द कोणीच काढला नाही याचं वाईट वाटलं. १८७१ च्या कायद्यानं ज्या जमाती जन्मानंच गुन्हेगार ठरवल्या, त्यांना ३१ ऑगस्ट १९५२ ला त्या यादीतून काढलं. अशा जमातींना ठेवायची सोलापूरची सेटलमेंट (वसाहत) तारेच्या कुंपणातली होती, हजेरी द्यावी लागायची. देश १५ ऑगस्ट १९४७ ला स्वतंत्र झाला, आमची माणसं पाच वर्षं सोळा दिवसांनी. आम्ही ३१ ऑगस्टला विमुक्त दिन पाळतो. जूनटीन्थ काय असतो हे मला पहिल्यांदा वाचलं तेव्हाच कळलं, कारण उशिरा पोचलेली सुटका आमच्या घरात आजी सांगायची.

प्रश्नकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. नाव 'जूनटीन्थ' असंच ठेवते, भाषांतर करत नाही. खाली ही ओळ घालते आहे:

"१९ जून, जूनटीन्थ. गुलामीत ठेवलेल्या टेक्सासातल्या माणसांच्या सुटकेचा हुकूम १८६५ साली या दिवशी निघाला. कागदावर त्यांची सुटका अडीच वर्षांपूर्वीच झाली होती."

दहा एकरांच्या बागेचा फोटो काढायला या रविवारी जाते आहे. आणि विमुक्त दिनाबद्दल लिहिणाऱ्यांना विनंती: ऑगस्टच्या पत्रकासाठी आजीच्या आठवणीतल्या दोन ओळी द्याल का? तुमच्याच शब्दांत छापू.