बाबाची रजा नेमकी कधी घ्यायची? (सोसायटी पालक ग्रुप)

अमेय (ए-304): पालक मंडळी, एक प्रश्न. बाळंतपणाची 26 आठवड्यांची रजा संपून आई कामावर रुजू होते, तेव्हा घरची घडी कशी बसवायची? बाबाला कंपनीकडून 10 दिवस मिळतात. ते बाळ झाल्या झाल्याच घ्यायचे असतात ना?

नेहा (बी-702): सगळे तेव्हाच संपवू नकोस. त्या वेळी घरात आजी असते, मालिशवाल्या मावशी येतात, आई घरीच असते. ओढाताण सुरू होते सत्ताविसाव्या आठवड्यात. दवाखान्यासाठी 3 दिवस घे, 7 मागे ठेव.

शुभाताई (बी-203): सिझर असेल तर 3 दिवसांत काही होत नाही हं. टाके ओले असताना बाळाला उचलायला, रात्री उठायला माणूस लागतं. आजी येणार नसेल तर निम्मी रजा तिथेच जाऊ दे.

नेहा (बी-702): ताईंचं बरोबर. अमेय, आधी पॉलिसीत दोन गोष्टी बघ. रजा तुकड्यांत घेता येते का, आणि जन्मापासून किती दिवसांत घ्यावी लागते? खासगी नोकरीत बाबाच्या रजेचा कायदाच नाही, सगळा कंपनीच्या मर्जीचा मामला. आईच्या रजेचा पूर्ण पगार मात्र मालकाने द्यायचा (ईएसआय म्हणजे सरकारी कामगार विमा योजनेतले सोडून). त्यामुळे लग्न झालेली मुलगी मुलाखतीला आली की काही साहेबांच्या कपाळावर आठी येते. बाबालाही सक्तीची रजा असती तर ही आठी दोघांच्या वाट्याला आली असती.

काका (सी-101): केंद्र सरकारी नोकरीत 15 दिवस मिळतात, हयात अपत्यं दोनपेक्षा कमी असतील तर. प्रसूतीच्या 15 दिवस आधीपासून जन्मानंतर 6 महिन्यांपर्यंत घ्यायची, नाहीतर बुडाली. आता हिशोब बघा. आईने सगळी रजा प्रसूतीनंतर घेतली तर 26 आठवडे म्हणजे 182 दिवस. तिची रजा आणि बाबाची मुदत जवळजवळ एकाच दिवशी संपते! तिने 8 आठवडे आधी घेतले असतील तर ती बाळ 18 आठवड्यांचं असताना रुजू होते, तेव्हा बाबाचे 15 दिवस कामी येतात. पहिल्या बाबतीत अर्जित रजा टाकावी. आणि अर्ज महिनाभर आधी द्यावा, आयत्या वेळी साहेब "ऑडिट आहे" म्हणतो.

अमेय (ए-304): काका, हे डोक्यातच आलं नव्हतं 🙏 मग त्या 7 दिवसांत करायचं काय?

शुभाताई (बी-203): पाळणाघराची सवय. आई रुजू व्हायच्या आठवडाभर आधी सुरू कर. पहिल्या दिवशी तासभर, मग दोन-तीन तास, मग जेवण आणि झोप धरून. सोडायला बाबानेच जायचं, पहिल्या दिवसापासून. तिथल्या ताई ज्याला रोज बघतात त्यालाच फोन करतात. फॉर्मवर पहिला नंबर तुझा टाक. आईचा पहिला असला की तिच्या मीटिंगमध्येच "बाळाला ताप आहे" येतं.

शुभाताई (बी-203): दुधाचंही शिकून घे. काढलेलं दूध बाहेर 25 अंशांपर्यंत 4 तास टिकतं, आपल्या एप्रिल-मेमध्ये त्याहून कमी धर. फ्रीजमध्ये 4 दिवस, तेही मागच्या कप्प्यात. दारात ठेवलं तर दर वेळी उघडताना गरम हवा लागते. 60 ते 120 मिलीचे डबे कर म्हणजे वाया जात नाही. कोमट पाण्यात डबा ठेवून गरम कर. मायक्रोवेव्ह नको, कुठे गार राहतं आणि कुठे तोंड भाजेल असं तापतं. उष्टं उरलेलं 2 तासांनंतर टाकून दे. अंगावर पिणारं बाळ बाटली नाकारतं. वाटी-चमचा घे, दोन-तीन आठवडे आधीपासून, आणि आई त्या खोलीत नको.

प्रिया (ए-601): ऑफिसच्या पाळणाघराबद्दल कुणी सांगेल का?

नेहा (बी-702): 50 किंवा जास्त कर्मचारी असतील तर सोय बंधनकारक. बायका-पुरुष मिळून 50, फक्त बायका नव्हे. एचआर इथेच गफलत करतं. दिवसातून 4 वेळा बाळाला भेटायची मुभा आहे, पण ती आईलाच. शिवाय ऑफिस हिंजवडीत आणि घर कोथरूडला असेल तर तान्हं बाळ रोज त्या ट्रॅफिकमधून न्यायचं? घराजवळचंच बरं पडतं.

अमेय (ए-304): आणि संध्याकाळचं आणणं?

नेहा (बी-702): दिवस वाटून घ्या. तुझ्या दिवशी कॅलेंडरमध्ये सरळ "बाळाला आणायचं आहे" लिही. "बिझी" लिहिलं की लोक त्यावरच कॉल टाकतात. 9 महिन्यांची लसही तुझ्या नावावर घे. एमआरचा (गोवर-रुबेला लशीचा) ताप सहसा आठवड्याभराने येतो, तेव्हाची एक रजा हाताशी ठेव.

काका (सी-101): 2024 च्या सरकारी वेळ-वापर पाहणीत घरकाम करणाऱ्या बायका त्याला दिवसाला 289 मिनिटं देतात, घरकाम करणारे पुरुष 88.

प्रिया (ए-601): त्या 88 मध्ये भाजी आणणंही धरलंय ना काका? 😄

काका (सी-101): धरलंय. तरीही 88.

अ‍ॅडमिन: जवळच्या पाळणाघरांची यादी उद्या पिन करतो. माहिती टाकताना बंद व्हायची वेळ, उशिराचे पैसे आणि ताप असलेलं मूल घेतात का, हे तिन्ही लिहा.