आगीने गेलं की आळसाने? (एका ऑनलाइन मंचावरची चर्चा; नावं सदस्यांच्या आयडींची)

वाळवी : इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाचं ग्रंथालय जळलं म्हणून प्राचीन ज्ञान गेलं, हे मला पटत नाही. इ.स.पू. ४८ मध्ये रोमन सेनापती सीझरने तिथल्या बंदरातली जहाजं पेटवली, त्यात काही ग्रंथ गेलेही असतील. पण ग्रीक नाटककार सोफोक्लीसने १२० च्या आसपास नाटकं लिहिली, आज अख्खी ७ उरलीत. ती काय एकट्या अलेक्झांड्रियात होती? अथेन्समध्येच बसली होती की! पपायरस (लव्हाळ्यापासून केलेला त्या काळचा कागद) दमट हवेत टिकत नाही, सारखं उतरवून घ्यावं लागतं. शिकवण्यापुरती ७ नाटकं पुरली, बाकीची कुणी उतरवलीच नाहीत.

जुना कागद : म्हणजे जाळणारे सुटले! नालंदा घ्या. विहारच उद्ध्वस्त झाल्यावर उतरवून घेणार कोण? आळस करायलासुद्धा माणूस जिवंत लागतो.

वाळवी : नालंदेचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. नालंदेशी नाव जोडलं जाणारा बौद्ध पंडित दिङ्नाग, त्याच्या ‘प्रमाणसमुच्चय’ या तर्कशास्त्रावरच्या ग्रंथाची मूळ संस्कृत पोथी मिळत नाही, पण ग्रंथ वाचता येतो, कारण तिबेटीत भाषांतर झालं होतं.

जुना कागद : ज्याचं भाषांतर झालं त्याचंच नाव तुम्ही घेणार. न झालेल्यांची नावं तरी कुठून आणाल? अलेक्झांड्रियातल्याच कॅलिमाखस या विद्वानाने ग्रीक ग्रंथांची १२० गुंडाळ्यांची सूची केली होती. ती सूचीच हरवली!

तिऱ्हाईत : मध्येच बोलतो. इ.स.पू. ६१२ मध्ये असीरियाची राजधानी निनवे जळली, तेव्हा राजा असुरबनिपालच्या ग्रंथसंग्रहातल्या मातीच्या पाट्या आगीत भाजून उलट पक्क्या झाल्या. मेसोपोटेमियातल्या गिल्गामेश राजाची प्राचीन कथा आपल्याला मुख्यतः त्या ढिगाऱ्यातूनच मिळाली.

जुना कागद : आणि लिहायच्या, मेण लावलेल्या लाकडी फळ्या? त्याही त्याच संग्रहात होत्या. त्यांची राखसुद्धा नाही.

वाळवी : हा मुद्दा बिनतोड. तरी मी म्हणेन, आग एका दिवसाची, दुर्लक्ष शतकांचं. कौटिल्याचं ‘अर्थशास्त्र’ कुणी जाळलं नव्हतं, तरी १९०५ मध्ये ताडपत्रावरची प्रत म्हैसूरला ग्रंथपाल शामशास्त्रींच्या हाती येईपर्यंत विद्वानांना त्याचं नुसतं नाव ठाऊक होतं. ते वाचलं, कारण कुणीतरी ते ‘ग्रंथ’ नावाच्या दाक्षिणात्य लिपीत उतरवत राहिलं.

माळ्यावरची पेटी : आमच्याकडे आग नाही, वाळवी नाही (आयडीवाली नव्हे, खरी). पणजोबांचं मोडीतलं दप्तर धडधाकट आहे. घरात कुणालाच वाचता येत नाही. याला काय म्हणायचं, गेलं की आहे?

जुना कागद : किती पानं आहेत? फोटो टाका. मोडी येते मला, हळूहळू लावतो.