अंगणवाडी सेविकेची निवड : रहिवासी दाखल्याच्या तारखेवरून वाद, दाद कुठे मागावी?

कळवेकर : माझी वहिनी मुरबाड तालुक्यातील एका गावात राहते. तिथले अंगणवाडी सेविकेचे पद रिक्त झाले तेव्हा तिने अर्ज केला आणि तात्पुरत्या गुणवत्ता यादीत ती दुसरी आली. पहिली आलेली उमेदवार लग्नानंतर शेजारच्या गावात सासरी नांदते, पण अर्जाला तिने माहेरच्या पत्त्याचा रहिवासी दाखला जोडला आहे. वहिनीने मुदतीत लेखी हरकत घेतली आणि तिची पोचही आमच्याकडे आहे, मात्र हरकतीचे काय झाले हे न कळवताच नियुक्तीचा आदेश निघाला. आम्ही कार्यालयात गेलो तेव्हा टेबलापलीकडूनच तो दाखला दाखवला गेला. त्यावरची तारीख अर्जाच्या शेवटच्या दिवसानंतर नऊ दिवसांची होती, ती मी दोनदा वाचली. आता कोणी मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जा म्हणते, तर कोणी कामगार न्यायालयाचे नाव घेते. नेमके कुठे जावे?

नौपाड्याचे वकील : मॅटचा विचार सोडून द्या. कर्नाटक सरकार विरुद्ध अमीरबी या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली अंगणवाडी सेविकेचे पद हे नागरी सेवेतील पद नाही, असे ठरवले. त्यामुळे प्रशासकीय न्यायाधिकरणाचे दार या वादासाठी उघडत नाही. २०२२ साली याच न्यायालयाने सेविकांना उपदान (ग्रॅच्युइटी) कायदा लागू केला, पण त्यामुळे पदाचे स्वरूप बदलले असे समजू नये. वहिनी सेविका म्हणून अजून नेमल्याच गेलेल्या नाहीत, तेव्हा कामगार न्यायालयाचाही प्रश्न येत नाही. निवड करणारे कार्यालय शासनयंत्रणेचा भाग असल्यामुळे मनमानीविरुद्ध संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते.

त्याआधी जिल्हा परिषदेच्या महिला व बाल विकास विभागाच्या उपमुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे निवेदन द्या आणि पोच घ्या. तुमचा खरा मुद्दा सासर-माहेरापेक्षा तारखेचा आहे: जाहिरातीत दुसरी तारीख दिलेली नसेल तर पात्रता अर्जाच्या शेवटच्या दिवशी पाहतात. मात्र नंतरच्या तारखेचा दाखला आधीच्या रहिवासाचा पुरावा म्हणून चालतो का, हे जाहिरातीच्या शब्दांवर ठरेल. म्हणून मूळ जाहिरात जपून ठेवा. याचिकेत निवड झालेल्या उमेदवाराला प्रतिवादी करायला विसरू नका, नाहीतर तेवढ्याच कारणावर प्रकरण अडखळते.

ऐरोलीची निवृत्त मुख्यसेविका : वकीलसाहेबांशी सहमत आहे, पण थोडे सावधपणे पुढे जा. राज्यात २०२३ पासून सेविकेसाठी बारावी उत्तीर्ण, वय १८ ते ३५ (विधवेसाठी ४०), स्थानिक रहिवास आणि लहान कुटुंब अशा अटी आहेत, शिवाय विधवा आणि अनाथ उमेदवारांना जादा गुण मिळतात. ती मुलगी विधवा किंवा परित्यक्ता होऊन माहेरी परतलेली असेल तर तुमची हरकत सगळ्या गावासमोर उघडी पडेल. मतदार यादीत तिचे नाव कुठे आहे, शिधापत्रिकेत सासरी चढले का, हे आधी तपासा. गावात राहून हाताशी येणारे हे काम मानधनाचे असले तरी बाईच्या नावाने दरमहा पैसे येतात, म्हणूनच एकेका पदासाठी भावकीत वैर पेटते. वहिनींचे स्वतःचे कागदही त्याच कसोटीवर घासून पाहा, कारण पलीकडचे लोक तेच करणार आहेत.

कळवेकर : आभार. मुलगी विधवा नाही. तिच्या सासरच्या घरी गणपतीला आम्हीच जेवून आलो आहोत. माहितीच्या अधिकारात तिचा दाखला मागितला तर मिळेल का?

नौपाड्याचे वकील : वैयक्तिक माहिती म्हणून नकार येऊ शकतो. त्यासाठी जाहिरात, गुणतक्ता, तुमच्या हरकतीवरील निर्णयाची टिपणी आणि दाखला स्वीकारल्याचा दिनांक असे स्वतंत्र मुद्दे करून मागा, सोबत फाइल पाहण्याची मागणीही करा. ३० दिवसांत उत्तर आले नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिले अपील. या पत्रव्यवहारात महिने घालवू नका. समोरची बाई रुजू होऊन वर्ष लोटले की न्यायालय उशिराचे कारण विचारते. आणि पहिली अपात्र ठरली तरी न्यायालय सहसा थेट वहिनींना नेमत नाही, यादीचा फेरविचार करायला सांगते. याचिकेतील मागणी तशीच लिहून घ्या.