तोत्तोचान टीव्हीने गिळली म्हणे! (तेत्सुको कुरोयानागी यांच्या कारकिर्दीवरून)

चकोर
'प्रांजळ' यांचे कालचे टिपण वाचल्यापासून स्वस्थ बसवत नाही, म्हणून हा वेगळा धागा. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे, की 'तोत्तोचान' हे आपल्या बालपणीच्या शाळेच्या आठवणींचे पुस्तक लिहिणाऱ्या जपानी लेखिका तेत्सुको कुरोयानागी यांनी एकच अस्सल पुस्तक लिहिले आणि बाकीचे आयुष्य झगमगीत पोशाख, कांद्याच्या आकाराचा केशसंभार आणि पाहुण्यांशी गप्पा यांत उधळले. थोडक्यात, टीव्हीने एक लेखिका गिळली. वाक्य टाळ्या घेणारे आहे, पण त्यात कालक्रमच उलटा धरला आहे. जपानमध्ये एनएचके या सार्वजनिक प्रसारण संस्थेने दूरचित्रवाणी सुरू केली ती फेब्रुवारी १९५३ मध्ये, आणि त्याच वर्षी या बाई एनएचकेच्या नाट्यपथकात दाखल झाल्या. 'तेत्सुकोची खोली' हा त्यांचा मुलाखतींचा कार्यक्रम २ फेब्रुवारी १९७६ रोजी सुरू झाला आणि लोकप्रिय गाण्यांचा 'द बेस्ट टेन' १९७८ मध्ये. 'तोत्तोचान'ची प्रकरणे मासिकात येऊ लागली ती त्यानंतर, १९७९ मध्ये, आणि पुस्तक निघाले १९८१ मध्ये. म्हणजे दुपारी मुलाखती आणि दर गुरुवारी रात्री देशभर पाहिला जाणारा थेट कार्यक्रम, या धबडग्यातच ते लिहिले गेले. मग कोणी कोणाला गिळले?

प्रांजळ
सनावळ्या मलाही ठाऊक आहेत. माझा मुद्दा दर्जाचा होता. त्यांच्या तोमोए शाळेचे वर्ग भरत ते रेल्वेचे डबे, मुख्याध्यापक कोबायाशी यांनी एका अवखळ मुलीचे बोलणे तासन् तास ऐकून घेणे, हवाई हल्ल्यात ती शाळा जळून जाणे, हे सारे इतक्या साधेपणाने लिहू शकणारी व्यक्ती उरलेली चाळीस वर्षे नटनट्यांना त्यांच्या नव्या मालिकेविषयी विचारत बसते, याची हळहळ वाटू नये काय? शिवाय ते पुस्तक जपानमध्ये पहिल्या वर्षभरात पंचेचाळीस लाखांच्या घरात खपले ते लेखिका टीव्हीवरची तारका होती म्हणून, असे आपणच सुचवत आहात. यात पुस्तकाचा गौरव झाला की अवमान, ते आपणच ठरवा.

चकोर
मग महाराष्ट्रात ते कशाच्या जोरावर चालले? नॅशनल बुक ट्रस्टचा मराठी अनुवाद डी.एड.च्या विद्यार्थ्यांपासून आजीबाईंपर्यंत सर्वांनी वाचला, आणि त्यांतील शंभरांपैकी नव्व्याण्णव जणांना ही बाई टीव्हीवर दिसते हेदेखील माहीत नव्हते.

प्रांजळ
म्हणजे पुस्तक टीव्हीशिवाय उभे राहते, हे आपणच सिद्ध केलेत. आभारी आहे.

सुमिदाकाठी
मी लग्नानंतर तोक्योत राहते. माझ्या सासूबाईंना 'तोत्तोचान' लिहिणारी ही बाई लेखिका म्हणून आठवतच नाही. त्यांच्या लेखी ती रोज दुपारी घरी येणारी पाहुणी आहे. भांडी आवरून झाली की टीव्ही लागतो, सुरुवातीचे संगीत वाजते आणि सासूबाई आधी पोशाखावर बोलतात, मग पाहुण्यावर. आज किमोनो की गाऊन, कापड कुठले, रंग वयाला शोभतो की नाही, यावर आमच्या घरी अधिवेशन भरते. केसांतून खाऊची गोळी काढून पाहुण्याच्या हातावर ठेवण्याची त्यांची जुनी गंमत मी प्रथम पाहिली तेव्हा मलाही हा पोरकटपणा वाटला होता. तथापि टेबलावरचे कागद पाहावेत. पाहुण्याविषयीची टिपणे त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिलेली असतात आणि चित्रण न कापता, थेट प्रक्षेपणासारखे सलग केले जाते. चुकले तर चुकलेले दिसते, रडू आले तर रडलेले दिसते. त्यामुळे प्रांजळ यांनी 'गप्पा' हा शब्द जरा जपून वापरावा.

रंकाळा
सुमिदाकाठीताई, न कापण्याचे एवढे कौतुक नको. तेथील विनोदी कलाकारांना या बाईंची धास्ती वाटते, हे आपण सोयीस्करपणे गाळलेत. "आपण फार विनोदी आहात म्हणे" अशा थाटात त्या प्रस्तावना करतात, त्या कलाकाराला त्याचा गाजलेला नमुना तेथेच करून दाखवायला लावतात आणि मग खरोखरच काही न कळल्यासारख्या शांत चेहऱ्याने पुढचा प्रश्न विचारतात. तो बिचारा घामाघूम! कात्री नसल्यामुळे ती शांतताही देशभर जाते. माझ्या मते हा शुद्ध अहंकार आहे.

कॅमेऱ्यामागचा
रंकाळा, आपण मुलाखतीच्या खोलीत कधी बसला आहात काय? मी एका स्थानिक वाहिनीत अनेक वर्षे कॅमेरा धरला. आमचे निवेदक पाहुण्याचे नाव लिफ्टमध्ये विचारत असत. एका ज्येष्ठ तमाशा कलावंताला त्यांनी पहिलाच प्रश्न "आपल्याविषयी थोडे सांगा" असा टाकला होता. ते गृहस्थ माझ्याकडे पाहून नुसते हसले. ज्या बाई आपल्या हाताने टिपणे काढतात, त्यांना अहंकारी म्हणण्यापूर्वी आपल्याकडच्या आळसाला नाव शोधा. शिवाय त्या खोटे हसत नाहीत, ही मला थोरवी वाटते. आपल्याकडे परीक्षकांचे खुर्चीवरून पडून हसणे पाहून वीट आला आहे.

रंकाळा
आपल्या निवेदकांच्या आळसाचे प्रायश्चित्त जपानी विदूषकांनी घ्यावे, हा न्याय मला उमजला नाही. टिपणे काढली म्हणजे क्रूरपणा माफ होतो काय?

सुमिदाकाठी
क्रूरपणा हा शब्द जड आहे. त्या फजितीची तेथे लोक वाट पाहतात, आणि कलाकारही नंतर तिचेच किस्से रंगवून सांगतात. माझ्या सासूबाई तर विनोदी पाहुणा असला की शेजारणीला फोन करतात.

रंकाळा
म्हणजे फजिती हाच कार्यक्रम. मी वेगळे काय म्हणालो?

कॅमेऱ्यामागचा
आपल्याशी वाद घालण्यापेक्षा जुन्या कॅमेऱ्याची भिंगे पुसत बसलेले बरे. इतिहास-भूगोलाच्या प्रश्नमंजूषेचा एक कार्यक्रम १९८६ पासून २०२४ पर्यंत चालला, आणि त्यात उत्तरे देण्यासाठी तेत्सुकोबाई आधी पुस्तके वाचून येत असत. कोणता 'झगमगीत चेहरा' एवढे करतो, ते सांगा.

मौनराग
विनोदवीरांच्या घामावर एवढी शाई खर्च झाली, म्हणून पुन्हा मूळ प्रश्नाकडे येते. माझा धाकटा भाऊ जन्मतः ऐकू न येणारा आहे. नाटकाची आवड असूनही त्याला शाळेच्या स्नेहसंमेलनात कायम झाडाची भूमिका मिळाली, म्हणून मला पुढची गोष्ट मोठी वाटते. 'तोत्तोचान'च्या मानधनातून तेत्सुकोबाईंनी एक प्रतिष्ठान उभारले आणि त्यातून कर्णबधिर नटांची व्यावसायिक रंगभूमी चालू राहिली. एखाद्या शुद्ध, एकांतवासी लेखिकेने हे केले असते काय? रंगमंच, प्रेक्षक, तालीम यांतच आयुष्य गेलेल्या बाईला ते सुचले.

प्रांजळ
मौनराग, आपल्या भावाविषयी वाचून वाईट वाटले आणि या मुद्द्यावर मी वाद घालणार नाही. पण पैसा पुस्तकाचा होता, याची नोंद घ्यावी. १९८४ मध्ये युनिसेफने त्यांना सद्भावना दूत नेमले तेही पुस्तकामुळेच. तेथे मात्र मला खरोखर खटकते. उपासमारीच्या छावणीत टीव्हीवरची प्रसिद्ध बाई आणि मागे कॅमेरा, हे दृश्य कोणाच्या भल्यासाठी असते?

चकोर
ज्यांना लस मिळाली त्यांच्या भल्यासाठी. टांझानियापासून सुरुवात करून त्या नायजर, मोझांबिक, अंगोला, इथिओपिया, रवांडा असे वर्षानुवर्षे फिरल्या. १९८६ मध्ये भारतातही आल्या आणि येथल्या एका इस्पितळात धनुर्वाताने मरणाच्या दारी पोहोचलेल्या मुलाने त्यांच्याच सुखासाठी प्रार्थना केली, हे त्यांनी लिहून ठेवले आहे. हे दौरे जपानी टीव्हीवर दाखवले गेले आणि ज्यांनी देणग्या पाठवल्या ते दुपारचा कार्यक्रम पाहणारेच लोक होते. अनोळखी लेखिकेच्या आवाहनाला सुमिदाकाठी यांच्या सासूबाईंनी पाकीट उघडले असते काय?

सुमिदाकाठी
विचारले. "ओळखीच्या माणसाला नाही कसे म्हणायचे?" असे उत्तर आले, आणि लगेच आजचा पोशाख फारच भडक होता, अशी पुस्ती.

प्रांजळ
ठीक आहे. टीव्हीने लेखिका गिळली नाही, केवळ चावली, अशी दुरुस्ती मी करतो. आपल्या सर्वांच्या समाधानासाठी. २०२३ मध्ये 'तोत्तोचान'चा पुढचा भाग आला. पहिल्या पुस्तकानंतर बेचाळीस वर्षांनी! एवढा उशीर का झाला, याचे उत्तर मात्र वाहिनीच्या वेळापत्रकात शोधावे, असे माझे मत कायम आहे.

रंकाळा
आणि विनोदवीरांचे काय?