अनुभव धागा: पडद्यावरची साथ आणि आपल्या मनातली भीती

साथीच्या रोगावरचा कुठला सिनेमा तुमच्या मनातून गेला नाही? त्यातलं काय पुण्यात प्रत्यक्ष अनुभवलंत? मोकळेपणानं लिहा.

माझ्यापासून सुरुवात करते. 'कंटेजन' (२०११) मी टाळेबंदीत पाहिला. विषाणूपेक्षा धास्ती वाटली ती त्यातल्या ब्लॉगवाल्याची. फोर्सिथिया या वनस्पतीच्या औषधानं बरं वाटतं असं तो सांगतो आणि लोक औषधाच्या दुकानावर तुटून पडतात. आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर तेव्हा रोज नवा काढा येत होता.

सदाशिव पेठ: '२२ जून १८९७' (१९७९) पाहा. सिनेमा चापेकर बंधूंचा, पुण्यातला प्लेग अधिकारी रँड याच्या वधाचा. आजोबा त्यांच्या आईकडून ऐकलेलं सांगायचे: ताप आलेलं माणूस लोक माळ्यावर लपवायचे, कारण प्लेगइतकीच धास्ती झडतीला थेट देवघरापर्यंत येणाऱ्या सोजिरांची होती. २०२० मध्ये आमच्या गल्लीच्या तोंडाशी पत्रे ठोकले, तेव्हा शेजारच्या काकांनी खोकला आठवडाभर कुणाला कळू दिला नाही. मला आजोबांचं बोलणं तेव्हा उमगलं.

येरवडा: मी परिचारिका. ऑगस्ट २००९ मध्ये स्वाइन फ्लूचा देशातला पहिला मृत्यू पुण्यात झाला आणि नायडू रुग्णालयाबाहेर तपासणीसाठी रांगा लागल्या. शाळा बंद, थिएटरंही बंद. माझ्या घरमालकीणबाई म्हणाल्या, "काही दिवस दुसरीकडे राहता का?" फार लागलं ते. केरळातल्या कोझिकोडच्या निपाह विषाणूच्या साथीवरचा मल्याळम 'व्हायरस' (२०१९) म्हणूनच मला जवळचा वाटतो. रुग्णाची सेवा करताना स्वतःला लागण झालेली परिचारिका त्यात आहे.

कोथरूड: मी असे सिनेमे बघत नाही. एप्रिल २०२१ मध्ये बाबांसाठी रात्रभर ऑक्सिजन बेड शोधत फोन केले होते.

पाषाण: सूक्ष्मजीवशास्त्र शिकवतो. 'आउटब्रेक'मध्ये (१९९५) माकड सापडतं आणि बघता बघता औषध तयार! लशीला वेळ का लागतोय, असं लोक चिडून विचारायचे, त्यामागे हे सिनेमेही आहेत असं माझं ठाम मत आहे.

हडपसर: 'कंटेजन'मध्ये लस कुणाला आधी, हे जन्मतारखेच्या सोडतीवर ठरतं. आपल्याकडे मे २०२१ मध्ये लसनोंदणीच्या कोविन पोर्टलवर ज्याचं बोट चपळ त्याला स्लॉट. मला मिळाला तो जुन्नर तालुक्यातल्या एका गावात. केंद्रावर एक आजोबा म्हणाले, "आमच्या गावाची लस शहरातली माणसं नेणार, मग आम्ही कुठं जायचं?" मी लस घेऊन परत आलो. त्या आजोबांच्या बाजूनं साथीची गोष्ट सांगणारा सिनेमा कुणी पाहिला असेल तर नाव जरूर कळवा.